मोजदादीबाहेरच्या वेली

रायगड जिल्ह्यातल्या फणसाड अभयारण्यात पाणवठ्याला ‘गाण’ म्हणतात. उन्हाळ्यात अशा एखाद्या गाणीच्या वाटेला लागलेल्या माणसाची नजर हमखास वर जाते, कारण झाडांच्या शेंड्यांतून मीटरभर लांबीच्या, हाताच्या पंजाएवढ्या रुंद शेंगा लोंबत असतात. ही गारंबी. कुठे तिला गारदळ म्हणतात, तर कुठे पीलपापडा. खाली पाहावे तर खोड माणसाच्या मांडीएवढे जाड, चपटे आणि पिळलेल्या दोरखंडासारखे. ते जमिनीवरून सरपटत जाते, एका झाडावर चढते, तिथून दुसऱ्यावर उतरते. मूळ कुठले आणि शेंडा कुठला, याचा पत्ता लागत नाही. शेंग पिकली तरी तडकून बिया उधळत नाही. एकेका बीचा एकेक चौकोनी तुकडा सुटत जातो आणि शेंगेच्या दोन्ही कडांची रिकामी चौकट वेलीवर कितीतरी दिवस लटकत राहते. बी तपकिरी, गुळगुळीत, चपटी, चार-पाच सेंटिमीटर व्यासाची. तिच्या दोन दलांमध्ये पोकळी असते म्हणून ती बुडत नाही. ओढ्यात पडली की पहिल्या पुराबरोबर नदीला, नदीतून खाडीला आणि खाडीतून थेट समुद्राला मिळते.

इतकी दांडगी वनस्पती डोळ्यांआड राहणे शक्य नाही, असे कुणालाही वाटेल. कागदावर मात्र ती सहज हरवते. झाडांची मोजणी करताना खोडाचा घेर छातीच्या उंचीवर मोजतात. जे खोड अर्धा फर्लांग आडवे सरपटते, वाटेत दोनदा पुन्हा मुळे धरते आणि मग चार झाडांवर पसरते, त्याची छाती कुठे धरायची? हा प्रश्न थट्टेचा वाटला तरी वेलींच्या अभ्यासकांना त्याचे उत्तर नीट ठरवून द्यावे लागले. २००६ साली ‘बायोट्रॉपिका’ या नियतकालिकात वेलींच्या गणनेची एक प्रमाण पद्धत प्रसिद्ध झाली. मुख्य मुळापासून खोडालगत १.३ मीटर अंतर मोजायचे आणि तिथला व्यास धरायचा, असे तीत सांगितले आहे. तोवर जो तो आपापल्या सोयीने मोजत होता, आणि बरेच जण मोजतच नव्हते.

प्रस्तुत पुस्तक अशा मोजदादीबाहेर राहिलेल्या वेलींचे आहे. उत्तर सह्याद्रीच्या पानझडी आणि निमसदाहरित जंगलांत, मुख्यतः ओढ्याकाठी, खोड लाकडासारखे टणक करून वर चढणाऱ्या देशी वेली हा त्याचा विषय. त्यांना ‘महावेली’ म्हणण्याचा प्रघात आहे. गारंबी ही त्यांतली सर्वांत ठळक, म्हणून पुस्तकाच्या केंद्रस्थानी तीच आहे. भोवताली उक्षी, पळसवेल, शिकेकाई, मालकांगोणी, वाकेरी, माधवीलता, गुळवेल आणि इतर अनेक जणी. मराठीत फुलझाडांवर, औषधी वनस्पतींवर, देवरायांवर बरेच लिहिले गेले. वेलींना त्या लेखनात जागा मिळाली ती कुणाच्या तरी आधाराने. औषध म्हणून, नाहीतर झाडाचे वर्णन करताना ओघात. वेलीला मध्यभागी ठेवून जंगलाकडे पाहिले तर काय दिसते, हा या पुस्तकाचा प्रश्न आहे.

मराठी वाचकाच्या मनातली वेल बहुधा अंगणातली असते. मांडवावर चढवलेली जाई, कुंपणावरचे कारले, ज्ञानेश्वरांचा मोगरा. संस्कृत कवींनी तिला नाजूक नायिकेच्या रूपात आम्रवृक्षाच्या गळ्यात घातली. ‘शाकुंतला’तली वनज्योत्स्ना ही नवमालिका अशीच आंब्याला बिलगलेली आहे. या परंपरेत वाढलेला माणूस जंगलात माधवीलता पाहतो तेव्हा जरा गोंधळतो. ती कोवळी असते ती काही वर्षेच. पुढे तिचे खोड लाकडी होते आणि ती उंच झाडांच्या माथ्यावर आपला पसारा मांडते. शहरांतल्या सोसायट्यांच्या फाटकांवर फुलते ती ‘मधुमालती’ आणखी निराळी. ती आग्नेय आशियाकडची, नुसती नावाने जवळची. खऱ्या माधवीलतेचा पराक्रम पाहायचा तर मॉरिशस आणि रियुनियन बेटांवर जावे लागेल. तिथे ती बागेतून निसटली आणि मूळच्या जंगलावर अशी पसरली, की जगातल्या सर्वांत उपद्रवी अशा शंभर आगंतुक जीवजातींच्या यादीत आज तिचे नाव आहे. मॉरिशसमध्ये पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या मराठी कुटुंबांना कवींची ही लाडकी लता तण म्हणून भेटते. इथे ती सोज्ज्वळ का आणि तिथे खलनायिका का, याचे उत्तर वेलीच्या स्वभावात कमी आणि तिच्याभोवतीच्या जंगलात जास्त आहे. हे पुस्तक त्या उत्तराकडे वारंवार वळते.

वेली ओढ्याकाठीच एवढ्या का? दाट जंगलाच्या पोटात उजेड वरच्या थरातच अडतो. ओढा त्या छताला लांबलचक चीर पाडतो आणि त्या चिरेतून उजेड खालपर्यंत उतरतो. काठाची माती ओलसर, पुराच्या गाळाने सुपीक. पावसाळ्यात एखादे झाड मुळासकट उपटून पडते आणि नवी मोकळी जागा होते. चढायला उभे झाड, वाढायला उजेड आणि प्यायला पाणी, या तिन्ही गोष्टी एकाच ठिकाणी मिळतात त्या इथेच. सह्याद्रीच्या पानझडी रानात फेब्रुवारीनंतर डोंगरउतार तपकिरी पडतात आणि ओढ्यांच्या रेघा तेवढ्या हिरव्या राहतात. त्या हिरव्या रेघांमध्ये वेलींचा वाटा किती मोठा असतो, हे दुरून कळत नाही. रानात शिरून माना वर केल्यावर कळते.

वेलीचा मूळ डाव काटकसरीचा आहे. झाडाला स्वतःचे वजन पेलायचे असते, त्यासाठी ते वर्षानुवर्षे लाकूड साठवते. वेल हा खर्च टाळते. शेजाऱ्याचे लाकूड वापरून ती आपला सगळा जोर लांबी आणि पाने वाढवण्यात घालते. त्यामुळे तिचे खोड बारीक असले तरी डोक्यावरचा पर्णभार मोठा असतो, आणि एवढ्या पानांना पाणी पुरवायचे तर खोडातल्या नळ्या रुंद लागतात. उक्षीच्या खोडाचा तुकडा तोडून उभा धरला की त्यातून पाणी ठिबकते ते याच रुंद नळ्यांतून. सह्याद्रीत गुराख्यांनी आणि रानवाटांच्या प्रवाशांनी या पाण्यावर तहान भागवली आहे. उक्षीची पाने साधी, ओळखायला अवघड, पण जानेवारी ते एप्रिलमध्ये ती हिरवट-पिवळ्या फुलांनी लदबदते. पुढे त्याच फुलांच्या पाकळ्यांसारख्या निदलांचे पाच पंख होऊन फळे वाऱ्यावर भिरभिरत जातात. गारंबीने पाण्यावर भिस्त ठेवली, उक्षीने वाऱ्यावर. एकाच काठावरच्या दोघी.

चढण्याच्या तऱ्हाही निरनिराळ्या. मालकांगोणी आणि पळसवेल आधाराला वेढे घालतात. गारंबीच्या संयुक्त पानाचे टोक ताण्यात संपते आणि तो ताणा डहाळी धरतो. शिकेकाई आणि वाकेरी आकड्यांसारख्या काट्यांनी अडकत अडकत वर जातात. काही वेली खोडातून मुळे फोडून सालीला चिकटतात. गुळवेल तर तोडून झाडावर नुसती लटकवली तरी हवेत मुळांचे दोर सोडून जमीन गाठते. वैद्यांनी तिला अमृता म्हटले ते उगाच नव्हे.

या तऱ्हांची शास्त्रीय वर्गवारी प्रथम नीट मांडली ती चार्ल्स डार्विनने, १८६५ साली लिनियन सोसायटीच्या नियतकालिकात. अमेरिकी वनस्पतिशास्त्रज्ञ आसा ग्रे यांचा ताण्यांच्या वळण्यावरचा १८५८ सालचा छोटा लेख त्याच्या वाचनात आला आणि त्याला या विषयाने झपाटले. त्या काळात तो बराच आजारी असे. हॉप नावाच्या वेलीची कुंडी खोलीत ठेवून तिचे टोक हवेत कसे फिरते, याची त्याने घड्याळ लावून नोंद केली. उन्हाळ्यात एका फेरीला सरासरी २ तास ८ मिनिटे लागत. वनस्पती आंधळेपणाने वाढत नाही, ती शोधत वाढते, हे त्याने धीराने दाखवून दिले. त्याच अभ्यासाचे पुस्तक १८७५ साली निघाले. आजही वेलींवरचा कुठलाही ग्रंथ डार्विनपासूनच सुरू होतो. हाही त्याला अपवाद नाही.

डार्विनने हालचाल पाहिली, तर जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ हाइनरिश शेंक याने वेलीचे खोड कापून आत डोकावले. ब्राझीलच्या जंगलांत गोळा केलेल्या महावेलींवरचा त्याचा दोन भागांतला ग्रंथ १८९२–९३ मध्ये प्रसिद्ध झाला. झाडाच्या खोडात लाकडाची वर्तुळे असतात. महावेलीच्या खोडात मात्र लाकडाच्या पट्ट्या आणि मऊ भाग अशा विचित्र रीतीने गुंफलेले असतात, की खोड पिळले, वाकले, झाडासकट कोसळले तरी सहसा तुटत नाही. गारंबीचे चपटे, मुरडलेले खोड पाहणाऱ्याला हे पटवून द्यावे लागत नाही.

आपल्याकडच्या वेलींची नोंद मात्र या दोघांच्या दोनशे वर्षे आधी सुरू झाली होती. कोचीनचा डच गव्हर्नर हेन्द्रिक व्हान ऱ्हीड याने मलबारच्या वनस्पतींवर ‘होर्तुस मलाबारिकुस’ हा बारा खंडांचा ग्रंथ रचला, तो ॲमस्टरडॅममध्ये १६७८ ते १६९३ या काळात छापला गेला. त्याला माहिती पुरवणाऱ्यांत इट्टी अच्युदन हा मल्याळी वैद्य होता, तसेच रंग भट, विनायक पंडित आणि अप्पू भट हे तीन कोंकणी ब्राह्मणही होते. या तिघांचे कोंकणीतले, नागरी लिपीतले प्रमाणपत्र पहिल्या खंडात छापले आहे. नागरी अक्षरे छापल्याच्या सर्वांत जुन्या उदाहरणांत त्याची गणना होते. म्हणजे पश्चिम किनाऱ्यावरच्या वनस्पतींचे पहिले मोठे युरोपीय पुस्तक उभे राहिले ते इथल्या वैद्यांच्या जिभेवरच्या नावांवर. गारंबीच्या प्रजातीचे ‘एन्टाडा’ हे शास्त्रीय नाव मलबारी नावावरूनच आले, आणि तिच्या जातीला ‘ऱ्हीडी’ हे नाव पुढे त्या गव्हर्नरावरून मिळाले.

तरीही ‘एन्टाडा ऱ्हीडी’ हे नाव भारतीय पुस्तकांत रुळायला फार वेळ लागला. कुणी तिला ‘स्कँडेन्स’ म्हटले, कुणी ‘पर्सेथा’, कुणी ‘फॅसिओलॉइडिस’. जुना अहवाल हाती आला की त्यातली गारंबी कुठल्या नावाखाली दडली आहे, हे आधी शोधावे लागते. वाचकाला हा पंडिती घोळ वाटेल, पण जुनी नोंद आणि नवी नोंद एकाच वेलीची आहे हे कळल्याशिवाय ती वेल कुठून नाहीशी झाली, हेही कळणार नाही.

मुंबई इलाख्यात एकोणिसाव्या शतकात ही नोंदीची परंपरा जोमात होती. डाल्झेल आणि गिब्सन यांची ‘बॉम्बे फ्लोरा’ १८६१ ची. थिओडोर कुक यांची इलाख्याची ‘फ्लोरा’ १९०१ ते १९०८ या काळात निघाली आणि पुढे पिढ्यान्‌पिढ्या विद्यार्थ्यांनी ती वापरली. वनखात्यातल्या टॅलबट यांनी १९०९ ते १९११ मध्ये इलाख्याच्या आणि सिंधच्या वनवृक्षांची सचित्र नोंद केली. मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयातले स्पॅनिश पाद्री फादर सांतापाव यांनी खंडाळ्याचा परिसर पायाखाली घातला आणि १९५३ मध्ये त्यावर आपला ग्रंथ दिला. या मंडळींचा भर वेल कुठल्या कुळातली, फूल कसे, फळ कसे, यावर होता. ती जंगलात काय करते, याबद्दल एखाददुसरी ओळ. त्यांच्या कामाचा तो हेतूच नव्हता, त्यामुळे त्याबद्दल तक्रार करण्यात अर्थ नाही.

तक्रारीला जागा आहे ती दुसऱ्या परंपरेबद्दल. वनखात्याच्या दृष्टीने जंगल म्हणजे लाकूड, आणि लाकडाच्या हिशेबात वेल म्हणजे तोटा. ती सागाचे खोड वाकडे करते, शेंड्यावर सावली धरते, एक झाड पाडले की सोबत चार ओढते. म्हणून झाडोऱ्याची निगा राखताना वेली तोडून टाकणे हे कामाच्या आराखड्यातले नेहमीचे कलम होऊन बसले. विदर्भातली आणि मध्य भारतातली माहुल ही दुभंगलेल्या पानांची अजस्र वेल या कलमाची मोठी बळी. तिच्या पानांच्या पत्रावळी होतात, सालीचे दोर वळतात, बिया भाजून खातात. वनशास्त्राच्या पुस्तकांत मात्र तिचा उल्लेख झाडांचा गळा आवळणारी म्हणूनच व्हायचा. ही दृष्टी निव्वळ चुकीची नव्हती. माहुल झाडाला खरोखरच त्रास देते. चूक होती ती लाकडाचा हिशेब हाच जंगलाचा एकमेव हिशेब मानण्यात. ब्रँडिस यांच्या १९०६ सालच्या ‘इंडियन ट्रीज’च्या उपशीर्षकात काष्ठवेलींचा मानाने उल्लेख आहे, ही त्यातल्या त्यात समाधानाची गोष्ट.

तिसरी परंपरा लोकांची आणि लोकवनस्पतिशास्त्राची. कोकणात बाळंतिणीला वाकेरी देतात, मालकांगोणीचे तेल काढतात, शिकेकाई तर घराघरांत. गारंबीच्या बिया नीट न शिजवता खाल्ल्या तर विषारी ठरतात, पण त्यांत फेस येणारे द्रव्य असल्याने केस धुवायला वापरल्या जातात. त्याच गुळगुळीत बीने परीट कपड्यांना चुण्या पाडत. हिच्या चुलत बहिणीची अटलांटिक ओलांडून नॉर्वेच्या किनाऱ्याला लागलेली बी तिथे बाळंतपणात सुटका व्हावी म्हणून जवळ बाळगत. दोन टोकांच्या किनाऱ्यांवर तिला असे दोन उपयोग मिळाले.

याच परंपरेतली एक हकीकत या पुस्तकाला फार जवळची आहे. रायगडच्या श्रीवर्धन तालुक्यात गाणी नावाचे गाव आहे. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला तिथल्या देवराईवर तोड येऊ घातली. देवराई गेली तर ओढ्याचे पाणी जाईल, असे गावकऱ्यांचे म्हणणे होते आणि ती वाचवण्यासाठी त्यांनी पुण्याच्या वनस्पतिशास्त्रज्ञांकडे धाव घेतली. वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांचे देवरायांवरचे काम त्याच सुमारास आकाराला येत होते. त्यांनी नोंदवले, की या देवराईत गारंबीची एक जुनी वेल आहे आणि तालुक्यात अशी वेल दुसरीकडे उरलेली नाही. गुरांना साप चावला की तिची साल न्यायला लोक लांबलांबून येत. १९७६ साली ‘इकॉनॉमिक बॉटनी’मध्ये आलेला या दोघांचा लेख देवरायांच्या अभ्यासाचा पाया मानला जातो. औषध खरोखर उतारा होते की नाही, हा वेगळा मुद्दा. गावाच्या मनात देव, ओढा आणि वेल यांची गाठ एकत्र बांधलेली होती, आणि ती सुटू नये म्हणून गाव उभे राहिले, हे इथे महत्त्वाचे.

चौथी परंपरा सर्वांत तरुण, आणि आजची सारी खडाजंगी तिच्यातच चालू आहे. १९८०च्या दशकात फ्रान्सिस पुट्झ याने पनामातल्या बार्रो कोलोराडो बेटावर वेली मोजायला, तोडून पाहायला, त्यांची वाढ नोंदवायला सुरुवात केली. तिथून महावेलींची परिसंस्थाशास्त्रीय शाखा उभी राहिली. उष्ण कटिबंधाच्या जंगलांतल्या काष्ठजातींपैकी साधारण पाव हिस्सा वेलींचा असतो, हे तेव्हा ध्यानात आले. स्टीफन श्निट्झर याने २००५ मध्ये असे मांडले, की कोरडा ऋतू असलेल्या जंगलांत वेली अधिक असतात, कारण झाडे थबकतात त्या महिन्यांत त्या वाढत राहतात. पानझडी सह्याद्रीसाठी ही कल्पना फारच मोलाची. त्याचे कारण वेलींची खोल मुळे, असे आधी सांगितले जाई. २०१८ साली फ्रेंच गयानातल्या एका अभ्यासाने मात्र कोरड्या दिवसांत वेली वरच्या थरातले पाणी घेतात आणि झाडे खालचे, असे दाखवले. वाद अजून मिटलेला नाही, आणि पुस्तकाने तो मिटल्याचा आव आणलेला नाही.

२००२ मध्ये ‘नेचर’मध्ये ॲमेझॉनमधल्या वेली वाढत असल्याचे प्रसिद्ध झाले तेव्हा या विषयाला एकदम हवामानबदलाचे परिमाण आले. पनामातच केलेल्या, २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात, वेलींमुळे जंगलाची वर्षाची निव्वळ कार्बनसाठवण सुमारे ७६ टक्क्यांनी घटते असे आढळले. हा आकडा फार लवकर मथळ्यांत गेला आणि वेली तोडा म्हणजे हवामान वाचेल, असा सोपा निष्कर्ष काहींनी काढला. वनखात्याचे जुने कलम नव्या वेशात परत आल्यासारखेच हे झाले. पनामातल्या एका जंगलाचा तो आकडा घाटमाथ्यावरच्या राईला जसाच्या तसा लावता येत नाही, हे पुस्तकात जिथे सांगितले आहे ते पान प्रत्येक वृक्षप्रेमी संस्थेच्या भिंतीवर लावावे असे आहे. भारतात या विषयाचे भरीव काम पुदुच्चेरी विद्यापीठाच्या एन. पार्थसारथी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केले आहे, पण ते कोरोमंडलच्या किनारी जंगलांत आणि अण्णामलै डोंगरांत. उत्तर सह्याद्रीचे ओढे त्या मानाने कोरेच राहिले. लेखिकेने मुद्दाम तिकडे पाऊल वळवले आहे.

वेलींचे दुसरे मोल हिशेबात धरायला अवघड असते. शेकरूला जमिनीवर उतरायचे नसते. एका झाडावरून दुसऱ्यावर जायला त्याला सलग छत लागते, आणि जिथे फांद्या एकमेकींना भिडत नाहीत तिथे वेली पूल होतात. भीमाशंकर अभयारण्य १९८५ साली झाले ते मुख्यतः शेकरूसाठी. तिथल्या छतातून वेली काढून टाकल्या तर शेकरूच्या वाटाच तुटतील. सह्याद्रीतले ‘सदर्न बर्डविंग’ हे भारतातल्या सर्वांत मोठ्या फुलपाखरांपैकी एक. त्याच्या अळ्या मुख्यतः ईश्वरीच्या कुळातल्या वेलींवर वाढतात. ती वेल कुणी लावत नाही आणि तोडताना कुणी विचारत नाही.

आजच्या घडीला हे पुस्तक येण्याचे कारणही इथेच सापडते. २०१९ च्या पावसाळ्यात महाराष्ट्राने ३३ कोटी रोपे लावण्याचे लक्ष्य ठेवले होते. रोपांच्या त्या हिशेबात वेलीसाठी रकाना नव्हता, आणि असता तरी भरता आला नसता. वेल लावून जंगल होत नाही. जंगल जुने झाले की त्यात वेल येते. मांडीएवढी गारंबी होण्यासाठी आधी उंच झाड लागते, त्याआधी पाणी टिकणारा ओढा लागतो, आणि या सगळ्याला कुणी हात न लावता सोडलेली कित्येक वर्षे लागतात. यातले एक जरी गेले तरी तिची पुढची पिढी उभी राहत नाही. म्हणून ओढ्याकाठची महावेल हा जंगलाच्या वयाचा आणि त्याला मिळालेल्या स्वस्थतेचा जिवंत पुरावा आहे, असे या पुस्तकाचे प्रतिपादन आहे. ते सर्वांना मान्य होईलच असे नाही. माणसाने तुडवलेल्या विरळ जंगलातही काही वेली माजतात, हे खरेच आहे. पण ज्या माजतात त्या बहुतेक बारीक, चपळ, नाहीतर परदेशी. जाड खोडाच्या देशी वेली तिथे दिसत नाहीत. हा फरक दाखवणे ही पुस्तकाची खरी कमाई.

दुसरीकडे बाजार आहे. कोविडच्या काळात गुळवेलीला अचानक मागणी आली. ठाणे जिल्ह्यातल्या शहापूरच्या कातकरी तरुणांनी वनधन योजनेतून ती मोठ्या औषध कंपन्यांना विकली आणि चांगला रोजगार मिळवला. त्याच सुमारास मुंबईतल्या डॉक्टरांनी गुळवेल घेणाऱ्या काही रुग्णांच्या यकृताला इजा झाल्याचे वैद्यकीय नियतकालिकात मांडले. तिच्यासारख्याच दिसणाऱ्या दुसऱ्या जातीची भेसळ हे कारण असावे, असे आयुष मंत्रालयाचे म्हणणे पडले. वाद वैद्यकीय होता, पण त्याच्या मुळाशी साधी गोष्ट होती: वेल ओळखता येणे. पाने शेंड्यावर, हाताशी फक्त खोड, अशा वेळी ती ओळखायची कशी?

या प्रश्नापाशी पुस्तकाची रचना सुरू होते. नेहमीच्या वनस्पतिकोशात कुळांचा क्रम असतो. इथे ओढ्याचा क्रम आहे, घाटमाथ्यावरच्या झऱ्यापासून खाडीच्या तोंडापर्यंत. ओळख आधी खोडाची: सालीचा पोत, काटे, पिळाची दिशा, तुटलेल्या फांदीतून येणारा चीक किंवा पाणी. मग खाली पडलेली पाने, फुले, शेंगा. फूल शेवटी, कारण ते बहुधा दुर्बिणीशिवाय दिसतच नाही. प्रत्येक वेलीची कातकरी, ठाकर, कोळी आणि कुणबी माणसांकडून ऐकलेली नावे दिली आहेत, आणि एकच नाव दोन वेलींना असेल तिथे ते स्पष्ट सांगितले आहे. वाघाटी म्हटले की कुणाला एक भाजी आठवते तर कुणाला भलतीच वेल. असे घोळ पुस्तकभर आहेत आणि ते वाचायला मजा येते. औषधी उपयोगांची नोंद आहे, पण मात्रा दिलेली नाही. काही वाचक यावर रुसतील. गुळवेलीचा प्रसंग पाहता हा संयम योग्यच म्हटला पाहिजे.

उणिवाही सांगायला हव्यात. विदर्भाची माहुल इथे ओझरती येते. मेळघाट आणि गडचिरोलीचे ओढे निराळ्या पुस्तकाचा विषय आहेत, असे लेखिकेचे म्हणणे, आणि ते पटण्यासारखे असले तरी वाचकाची भूक शिल्लक राहतेच. गोव्याच्या म्हादई खोऱ्यातल्या नोंदी थोड्या आहेत. रेखाचित्रे उत्तम आहेत, पण खोडाच्या छेदांची छायाचित्रे आणखी हवी होती. वेलींचे वय ठरवण्याचा प्रश्न लेखिकेने फार थोडक्यात उरकला आहे, जिथे तिने थोडे रेंगाळायला हवे होते.

पुस्तक खिशात घालून बाहेर पडायचे असेल, तर पावसाळ्यात ओढ्यांच्या वाटेला जाऊ नये. पाणी चढते, दगड निसरडे होतात आणि वेली एकमेकींत मिसळून जातात. जानेवारीत उक्षीपासून सुरुवात करावी. तिच्या फुलांच्या गर्दीमुळे ती सर्वांत आधी सापडते. मार्चमध्ये पळसवेलीची केशरी फुले येतात, आणि ती पळसापेक्षा बऱ्याच वरून खाली गळलेली दिसतात. एप्रिल-मेमध्ये फणसाड किंवा तशी एखादी राखलेली राई गाठावी. गारंबीच्या शेंगा तेव्हा पिकलेल्या असतात आणि तिच्या फिकट पिवळ्या बारीक फुलांचे तुरेही त्याच सुमारास येतात. खाली गळलेली बी सापडली तर उचलून पाहावी आणि पुन्हा ओढ्याच्या पात्रातच टाकावी, असे लेखिकेने एका तळटीपेत सुचवले आहे.